नाच सोडू नकोस, पण लपवूही नकोस

वाचकाचं पत्र

ताई, मी २७ वर्षांची आहे. लहानपणापासून चर्चच्या एकाच मंडळीत वाढले आणि आता तिथेच संडे स्कूलमध्ये आठ-नऊ वर्षांच्या मुलांना शिकवते. वर्षभरापूर्वी ऑफिसमधल्या मैत्रिणीसोबत बॉलरूम डान्सच्या क्लासला जायला लागले. वॉल्ट्झ, फॉक्सट्रॉट, थोडा साल्सा. शनिवारी संध्याकाळी क्लास आणि त्यानंतर सराव. सरावात दर गाण्याला जोडीदार बदलतो. घरी मात्र मी "मैत्रिणीकडे जाते" एवढंच सांगत होते. गेल्या महिन्यात कुणीतरी सरावाचा व्हिडिओ मंडळीच्या ग्रुपवर टाकला. पाळकांनी बोलावून सांगितलं की परपुरुषाच्या हातात हात देऊन नाचणं जगिक, म्हणजे देवाला सोडून जगाच्या नादाचं आहे, मुलांपुढे उभं राहायचं असेल तर हे सोडावं लागेल. कमिटीने पुढच्या बैठकीपर्यंत मुदत दिली आहे. आई म्हणते, तुझे बाबा असते तर त्यांना मान वर करून चर्चमध्ये जाता आलं नसतं. बाबा याच मंडळीच्या कमिटीवर होते. मैत्रीण म्हणते, दावीद राजाही नाचला होता, तेच सांग त्यांना. मला खरंच कळत नाही. नाचणं पाप आहे का? नाच सोडू की मुलांना शिकवणं सोडू? आणखी एक. सरावाला एकजण येतो, त्याच्यासोबत नाच असला की मला फार बरं वाटतं. हेही पापच का?

उत्तर

प्रिय मुली,

आधी माझं मत सांगते, कारणं नंतर. नाचणं हे पाप आहे असं पवित्र शास्त्र कुठेही सांगत नाही, आणि तू जे करतेस त्यात मला पाप दिसत नाही. पण वर्षभर आईला "मैत्रिणीकडे जाते" म्हणत राहिलीस, ते खोटं होतं. तुझ्या पत्रात मला खटकलं ते एवढंच. पाळकांनी ज्यासाठी बोलावलं त्याबद्दल तुला माफी मागायची गरज नाही. आईची मात्र मागायला हवी.

आता दावीद राजाबद्दल. मैत्रिणीने सुचवलेला मुद्दा घेऊन कमिटीपुढे जाऊ नकोस. शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकाच्या सहाव्या अध्यायात दावीद नाचतो तो कराराचा कोश, म्हणजे देवाच्या आज्ञांची पवित्र पेटी, यरुशलेमेत येताना, परमेश्वरापुढे, अंगात तागाचं एफोद, म्हणजे याजकाचं वस्त्र, घालून. ती उपासना होती. शनिवारच्या सरावाला ती लागू करायला गेलीस तर कमिटीतला कुणीही दोन वाक्यांत तुला गप्प करेल, आणि त्याचं बरोबरच असेल. मोशेची बहीण मिर्याम, तिचंही तसंच. तांबडा समुद्र ओलांडल्यावर ती डफ घेऊन निघाली आणि बाकीच्या बायका तिच्यामागे नाचत गेल्या. तो सुटकेचा जल्लोष होता. स्तोत्रांत नृत्य करून देवाची स्तुती करा असं म्हटलंय, तेही मंदिराच्या संदर्भात. शास्त्रातले बहुतेक नाच हे असे समूहाचे, विजयाचे किंवा उपासनेचे आहेत. एका पुरुषाने आणि एका स्त्रीने जोडीने नाचायचं, ही गोष्ट शास्त्रात येतच नाही. तिला परवानगी दिलेली नाही आणि बंदीही केलेली नाही.

दुसऱ्या बाजूनेही असाच ताणलेला अर्थ काढला जातो. नाचाच्या विरोधात बोलणारे नेहमी दोन प्रसंग सांगतात: सोन्याचं वासरू आणि हेरोदाची मेजवानी. निर्गमच्या ३२व्या अध्यायात मोशे डोंगरावरून उतरतो, वासरू आणि नाच बघतो आणि दगडी पाट्या आपटून फोडतो. पण पुढे तो जाळतो ते वासरू. लोकांनी परमेश्वराला सोडून मूर्ती केली, राग त्याचा होता. हेरोद राजाकडे त्याची बायको हेरोदिया हिची मुलगी नाचली आणि बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाचं शीर गेलं, हे खरं. पण मार्काचा सहावा अध्याय सावकाश वाच. योहानाला तुरुंगात टाकलं होतं हेरोदानेच. हेरोदिया त्याच्यावर आधीपासून डूख धरून होती. हेरोदाने भर सभेत शपथ घातली आणि पाहुण्यांपुढे शब्द मागे घ्यायची लाज वाटली म्हणून शिपाई पाठवला. राजाचा अहंकार, बाईचा सूड आणि लोकलज्जा, यांनी तो जीव घेतला. तो सगळा दोष मुलीच्या पायांवर टाकणं मला कधीच पटलेलं नाही.

मग राहतो लूकाचा पंधरावा अध्याय. उधळ्या मुलगा परत येतो आणि बाप घरात वाद्यं आणि नाच सुरू करतो. थोरला भाऊ शेतातून येताना तो आवाज ऐकतो आणि आत यायला नकार देतो. प्रभूने ही गोष्ट नाचाबद्दल सांगितली नाही, हे मला माहीत आहे. तरी आनंदाचं घर कसं असतं हे दाखवताना त्याने त्या घरात नाच ठेवला, आणि ठेवताना तो कुठेही अडखळला नाही. नाच मुळातच अपवित्र असता तर तो बापाच्या घरात आला नसता. उपदेशकाच्या तिसऱ्या अध्यायातही शोकाला जसा समय आहे तसा नाचालाही आहे. शास्त्राच्या आधारे मी इथपर्यंत येते. यापुढे कुणी "शास्त्र सांगतं" म्हणून तुला हो किंवा नाही म्हणू लागलं, तर तो स्वतःचं मत सांगत असतो.

पण पाळकांचं म्हणणं एका माणसाच्या हट्टातून आलंय असंही समजू नकोस. त्यामागे फार जुनी परंपरा आहे, आणि ती नीट कळली तर तुला त्यांच्याशी बोलणं सोपं जाईल. चौथ्या शतकात लावदिकिया शहरात भरलेल्या चर्चच्या परिषदेने नियम केला की ख्रिस्ती माणसांनी लग्नात जाऊन उड्या मारू नयेत, नाचू नये, मर्यादेने जेवून यावं. पुढचाच नियम असा की नाचे-गाणारे येण्याआधी पाळकवर्गाने उठून निघावं. त्याच काळात योहान ख्रिसोस्तम या गाजलेल्या उपदेशकाने हेरोदाच्या मेजवानीवर प्रवचन करताना, जिथे नाच तिथे सैतान, अशा अर्थाचं कडक विधान केलं. हे लोक ज्या नाचाला घाबरत होते तो बघ: भाड्याने आणलेले नाचे, अश्लील नकला, बेसुमार दारू. आपल्या लोकांनी त्यात जाऊ नये असं त्यांना वाटणं स्वाभाविक होतं.

पुढे सोळाव्या शतकात, प्रॉटेस्टंट सुधारणेच्या काळात, त्या एकाच चळवळीत दोन टोकं दिसतात. जिनेव्हात, सुधारक कॅल्व्हिनच्या काळात, १५४६ साली एका लग्नात नाचल्याबद्दल शहरातल्या बड्या बड्या लोकांना कोठडीत टाकलं. त्यांत शहराच्या प्रमुख कारभाऱ्यांपैकी एकजण होता आणि सेनापतीची बायकोही होती. त्याआधी जर्मनीतल्या विटेनबर्गमध्ये सुधारक लूथर काना गावच्या लग्नावर लिहिताना म्हणून गेला होता की नाच ही त्या त्या देशाची रीत आहे, मर्यादेत असेल तर मी तिला दोष देणार नाही. नाचात पाप होतं म्हणाल तर ते जेवणाच्या टेबलावर आणि चर्चमध्येही होतं. कॅथलिकांमध्ये फ्रान्सिस द सेल्स या बिशपने १६०९ साली आणखी वेगळा सूर लावला. नाच मुळात चांगलाही नाही आणि वाईटही नाही, पण तो अळंब्यांसारखा आहे, उत्तमातली उत्तम अळंबीसुद्धा फारशी कामाची नसते, तेव्हा खायचीच तर थोडी खा, असं त्याचं म्हणणं. तिघेही प्रामाणिक होते, तिघांच्याही हातात एकच शास्त्र होतं.

तुझ्या पाळकांच्या आक्षेपाच्या सगळ्यात जवळ जाणारा माणूस म्हणजे बोस्टनचा प्युरिटन पाळक इन्क्रीज मॅथर. १६८०च्या दशकात बोस्टनमध्ये एका नृत्यशिक्षकाने वर्ग सुरू केले आणि तिथल्या पाळकांनी त्याला विरोध केला. मॅथरने लिहिलेली पुस्तिका या विषयातली कडक म्हणून ओळखली जाते. पण ती सुरू होते ते एक सवलत देऊन: सगळा नाच पापच आहे का, हा आमचा प्रश्न नाही, पुरुषांनी पुरुषांबरोबर आणि स्त्रियांनी स्त्रियांबरोबर, वेळ-काळ बघून, मर्यादेत नाचायला आमची हरकत नाही. त्याचा विरोध होता तो स्त्री-पुरुषांनी मिळून नाचण्याला. तुझ्या पाळकांचं "परपुरुषाच्या हातात हात" हे वाक्य नेमकं तिथलं आहे, त्यांनी मॅथर वाचला असो वा नसो.

पुढे वॉल्ट्झ आला आणि ही भीती दुप्पट झाली. त्याआधीच्या बहुतेक दरबारी नाचांत माणसं रांगेत किंवा चौकोनात उभी राहायची, फार तर हाताला हात लागायचा. वॉल्ट्झमध्ये जोडी समोरासमोर, एकमेकांना धरून, संपूर्ण गाणंभर फिरणार. १८१६ साली इंग्लंडच्या राजपुत्राच्या दरबारात वॉल्ट्झ झाला तेव्हा लंडनच्या टाइम्सने त्याला असभ्य परदेशी नाच म्हणून झोडपलं होतं. आज तोच वॉल्ट्झ बॉलरूममधला सगळ्यांत शालीन नाच समजला जातो. तू क्लासमध्ये बहुधा पहिल्यांदा तोच शिकली असशील. अमेरिकेतल्या मेथॉडिस्ट एपिस्कोपल चर्चने १८७२ साली निषिद्ध करमणुकींच्या यादीत नाचाचं नाव घातलं आणि १९२४ साली तो प्रश्न पुन्हा सभासदाच्या विवेकावर सोडला. टेक्सासच्या बेलर या बाप्टिस्ट विद्यापीठात १९९६ साली, स्थापनेनंतर १५१ वर्षांनी, आवारात पहिल्यांदा नाच झाला. इलिनॉयच्या व्हीटन कॉलेजने २००३ साली विद्यार्थ्यांवरची बंदी उठवली. या सगळ्या वर्षांत शास्त्रातला एकही शब्द बदलला नव्हता. बदलली होती नाचाची जागा, तिथली माणसं आणि त्या जागेबद्दलची भीती.

आणि नाचाला देवघरात जागा देणारेही कायम होते. इथिओपियाच्या ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये दब्तरा म्हणजे शिकलेले गायक आजही ढोल, झांजरी आणि काठी घेऊन उपासनेत डोलत नाचतात. लक्झेंबर्गमधल्या एख्टरनाख गावात पेंटेकॉस्टनंतरच्या मंगळवारी भाविक पांढऱ्या रुमालांची टोकं धरून, रांगेने, उड्या घेत संताच्या थडग्यापर्यंत जातात. शेकर पंथाचे लोक तर नाचाला उपासनेचा गाभाच मानत, फक्त पुरुष एका बाजूला आणि स्त्रिया दुसऱ्या बाजूला. तेव्हा "ख्रिस्ती माणूस नाचत नाही" हे वाक्य इतिहासात कधीच खरं नव्हतं. काही मंडळ्यांचे ख्रिस्ती नाचत नाहीत, एवढंच खरं.

हे सगळं इतक्या तपशिलाने सांगितलं ते कमिटीपुढे पुरावे म्हणून मांडायला नाही. पाळकांची खरी काळजी कसली हे तुला ओळखता यावं म्हणून सांगितलं. चर्चने जेव्हा जेव्हा नाचाला विरोध केला, तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे एक विशिष्ट जागा होती. म्हणून "नाच चांगला की वाईट" हा प्रश्न बाजूला ठेव आणि तू जिथे नाचतेस ती जागा नीट बघ.

मला त्या जागेची थोडी माहिती आहे. वॉल्ट्झची पकड कशी असते? पुरुषाचा उजवा हात तुझ्या डाव्या खांद्याच्या पात्याखाली, तुझा डावा हात त्याच्या दंडावर, दुसरे हात एकमेकांत, बाजूला. दोघं एकमेकांपासून थोडे डावीकडे सरकून उभे असतात, त्यामुळे दोघांची नजर समोरच्याच्या उजव्या खांद्यावरून पलीकडे जाते. पाय मोजायचे असतात, गुडघा आपटायचा नसतो, शेजारची जोडी अंगावर यायला नको असते. गाणं संपतं, दोघं आभार मानतात आणि शिक्षक "बदला" म्हणतात. व्हिडिओत यातलं काहीच कळत नाही. तिथे दिसते फक्त एक मुलगी आणि तिच्या पाठीवर एका अनोळखी माणसाचा हात. पाळकांनी तेवढंच बघितलं, म्हणून त्यांच्या धक्क्याला मी हसणार नाही.

पण जागा तशी असते म्हणजे नेहमीच तशी असते असंही नाही. तेव्हा तू स्वतःला विचार. सरावात दारू असते का? नको असलेला हात बाजूला केला तर समोरचा मुकाट्याने ऐकतो का, की हसून पुन्हा तेच करतो? एखाद्याबरोबर नाचायला नाही म्हणायची सोय आहे का? तुझे कपडे, तुझं वागणं, तुझं हसणं, हे सगळं आईने समोर बसून बघितलं तर तुला चालेल का? साल्साच्या रात्री आणि वॉल्ट्झच्या संध्याकाळी यांत तुला स्वतःला फरक जाणवतो का? या प्रश्नांची उत्तरं मला पाठवू नकोस, ती तुझ्यासाठी आहेत. एखाद्या उत्तरापाशी घुटमळलीस तर तेवढा भाग सोड. साल्साची रात्र खटकत असेल तर साल्सा सोड, वॉल्ट्झ ठेव. पौल रोमकरांस पत्राच्या चौदाव्या अध्यायात म्हणतो की मनात संशय ठेवून केलेली गोष्ट त्या माणसाला पापच ठरते, कारण ती विश्वासाने केलेली नसते. हा नियम कमिटीने तुला लावायचा नाही, तुझा तूच लावायचा.

कमिटीत याच अध्यायातला दुसरा मुद्दा हमखास निघेल: "तुझ्यामुळे दुर्बळ भावाला अडखळण होतं." याचं उत्तर तुझ्याजवळ शांतपणे तयार असू दे. करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्रातही मूर्तीला वाहिलेल्या मांसाबद्दल पौल हेच बोलतो. त्याला काळजी होती ती नुकतंच मूर्तिपूजा सोडून आलेल्या माणसाची. तुला ते मांस खाताना बघून तो स्वतःच्या विवेकाविरुद्ध खाईल आणि पुन्हा जुन्या वाटेला लागेल, ही ती काळजी. अशा एका माणसासाठी पौल जन्मभर मांस सोडायला तयार होता. पण ज्याला तुझं वागणं नुसतं आवडत नाही, जो तुझं बघून नाचायला जाण्याची सुतराम शक्यता नाही, त्याची नाराजी म्हणजे अडखळण नव्हे. त्या माणसाला पौल रोमकरांस पत्राच्या त्याच चौदाव्या अध्यायात वेगळं सांगतो: दुसऱ्याच्या चाकराचा न्याय करणारा तू कोण? आणि तुला सांगतो, जो खात नाही त्याला तुच्छ मानू नकोस. दोन्ही वाक्यं बरोबर घेऊन जा. पहिलंच घेऊन गेलीस तर भांडण होईल.

मुलांचा प्रश्न मात्र खरा आहे, तो टाळू नकोस. नाचामुळे दारू, व्यसन, घर मोडणं असं काही अनुभवलेलं घर तुझ्या वर्गातल्या एखाद्या मुलाचं असेल. त्या मुलाच्या आईबापांना तुझ्याबद्दल शंका आली तर त्यांच्याशी तू स्वतः बोल. पाळकांच्या मार्फत बोलू नकोस.

आता सरावाला येणाऱ्या त्या तरुणाबद्दल. एखाद्या माणसाबरोबर असताना बरं वाटणं हे पाप नाही. तुझं वय २७ आहे, लग्न झालेलं नाही, आणि तुला कुणीतरी आवडू लागलंय. ते नाचामुळे झालं असेल, गायनवृंदात किंवा ऑफिसातही झालं असतं. प्रभूने डोंगरावरच्या प्रवचनात जे सांगितलं ते वासनेने बघण्याबद्दल आहे, आणि ते चर्चच्या बाकावर बसूनही होतं. पण एक सांगते, मनापासून. नाचात जवळीक फुकट मिळते. हातात हात असतो, संगीत असतं, आणि एकमेकांबद्दल काहीही माहीत नसताना वाटतं की हा माणूस मला ओळखतो. ते नाचाचं सुख आहे, त्या माणसाचं नव्हे. म्हणून त्याला क्लासच्या बाहेर भेट, चार माणसांत भेट, तो विवाहित आहे का, विश्वासाबद्दल त्याचं काय म्हणणं आहे, खोटं बोलतो का, घरच्यांशी कसा वागतो हे बघ. तो विवाहित निघाला तर त्याच्याबरोबरचा नाच त्याच दिवशी थांबव, याला मी दुसरी वाट सांगणार नाही. नसेल, तर आईला सांग. हेही लपवायला लागलीस तर पुढचा व्हिडिओ आधीच्यापेक्षा जड जाईल.

कमिटीच्या बैठकीआधी एक गोष्ट शोधून काढ. मंडळीत सभासद होताना किंवा संडे स्कूलचं काम घेताना तू कशावर सही केली होतीस का? काही मंडळ्यांत सभासदाच्या करारात करमणुकीबद्दल स्पष्ट कलम असतं. तसं कलम असेल आणि त्याखाली तुझी सही असेल, तर गोष्ट बदलते. मग प्रश्न नाचाचा उरत नाही, दिलेल्या शब्दाचा होतो. तुमचं हो ते हो असू द्या, असं प्रभूने सांगितलंय. अशा वेळी कलम बदलण्याची विनंती लेखी कर आणि निर्णय होईपर्यंत नाच थांबव. मला ते आवडणार नाही, तुलाही आवडणार नाही, पण सही आपली असते. बेलर आणि व्हीटनमध्येही नियम बदलले ते उघडपणे, चर्चा होऊन. असं काही कलम नसेल तर कमिटीलाच विचार की हा मंडळीचा लेखी नियम आहे की पाळकांचा सल्ला. उत्तर काहीही आलं तरी आवाज चढवू नकोस. त्यांना बोलू दे.

पाळकांना बैठकीआधी एकटी भेट. "तुम्ही मला बोलावलंत हे बरं केलंत, बाहेरून ऐकण्यापेक्षा तुमच्याकडून ऐकलं" इथून सुरुवात कर. मग सांग: "मी लपवलं, ते चुकलं, त्याची मी आईकडे कबुली दिली आहे. नाचात मला पाप दिसत नाही, आणि माझ्या विवेकाविरुद्ध मी तो सोडते असं खोटं वचन तुम्हाला देणार नाही. तुम्ही किंवा कमिटीतलं कुणीही एका शनिवारी येऊन बघा." यातलं पहिलं वाक्य खरं असायला हवं, म्हणून आईशी बोलणं आधी. आमंत्रण मनापासून दे. ते येणार नाहीत बहुतेक, तरी दे. आणि "अमक्या मंडळीत चालतं" हे वाक्य तोंडातून काढू नकोस. पाळकाला दुसऱ्या मंडळीचं उदाहरण दिलं की तो आपल्या मंडळीच्या बचावाला उभा राहतो, मग तुझं ऐकायला कुणी उरत नाही.

आईजवळ बस. तिने बाबांचं नाव घेतलं म्हणून तू दुखावली आहेस, ते पत्रात जाणवतं. पण तिची बाजू बघ. नवरा गेल्यावर तिला मिळालेला आधार हीच मंडळी. तिथेच तिच्या मुलीचा व्हिडिओ फिरला आणि तिला तो सगळ्यांच्या नंतर कळला. तिला लाज वाटली ती तुझ्या नाचाची किती आणि आपल्याला काहीच माहीत नव्हतं याची किती, ते तिलाही सांगता येणार नाही. "बाबा असते तर काय म्हणाले असते" यावर वाद घालू नकोस. ते काय म्हणाले असते हे तुलाही माहीत नाही आणि तिलाही. माफी माग, खोटं बोलल्याची, आणि तिथेच थांब. "पण" लावून पुढे नाचाचं समर्थन सुरू केलंस तर माफी वाया जाईल. नाचाबद्दल दुसऱ्या दिवशी बोल. एखाद्या संध्याकाळी क्लासला चल म्हण. नाही म्हणाली तर महिनाभराने पुन्हा विचार.

आणि कमिटीने तरीही शिकवणं काढून घेतलं तर? तो अधिकार त्यांचा आहे. मला तो निर्णय चुकीचा वाटेल, तसं तू त्यांना लेखी कळवू शकतेस, एका पानात, बाकी कुणालाही पाठवू नकोस आणि ग्रुपवर तर नकोच. नाच आणि शिकवणं यांत एक निवड, असं तू मला विचारलंस. कमिटी निवडायला लावेल तर नाच सोडून शिकवणं वाचवू नकोस, असं मी म्हणेन, कारण पटलेलं नसताना सोडलेला नाच तुला दर रविवारी मुलांपुढे उभं राहताना टोचेल, आणि मुलांना ते कळतं. फक्त वर्ग सोडताना नीट सोड. धडे कुठवर आलेत, कोणतं वचन पाठ करायला दिलंय, कुणाला वाचायला अडतं, कोण मागच्या बाकावर गप्प बसतं, हे सगळं नव्या शिक्षिकेला लिहून दे. मुलांनी विचारलं तर "कमिटीने दुसऱ्या ताईंना काम दिलंय" एवढंच सांग. आणि पुढच्या रविवारी उपासनेला आईबरोबर नेहमीच्या बाकावर बस. मंडळी तुझीही आहे.

शनिवारचा सराव उशिरापर्यंत चालतो ना? रविवारी वेळेवर पोचता येईल इतक्या लवकर घरी येत जा.

तुझी,
ताई